आकाशांतील वीर आणि न मिळालेली छत्री

‘अभिज्ञानशाकुंतला’च्या सातव्या अंकाच्या आरंभीं दुष्यंत राजा इंद्राच्या रथांतून पृथ्वीकडे परत येत असतो. दानवांशीं झालेलें युद्ध संपलें आहे, देवसभेंत राजाचा सत्कार झाला आहे, आणि मातलि सारथि मेघांच्या वाटेनें रथ खालीं आणीत आहे. वरून पाहतांना डोंगरांचीं शिखरें वर उसळून येत आहेत आणि जमीन त्यांच्यापासून खालीं सरत आहे असें राजाला वाटतें. पानांच्या राशींत दडलेले झाडांचे बुंधे हळूहळू वेगळे दिसूं लागतात. दोऱ्यासारख्या होऊन नाहींशा झालेल्या नद्या पुन्हां रुंदावतात. ज्यांनीं विमानांतून प्रवास केला आहे, त्यांना हें वर्णन कल्पनेचें न वाटतां अनुभवाचें वाटेल. कवीच्या प्रतिभेचें कौतुक करावें तेवढें थोडेंच. परंतु ह्या अंकांत एक गोष्ट दाखविलेली नाहीं. राजा ज्या युद्धासाठीं आकाशांत गेला तें युद्ध पडद्याआड होऊन गेलें आहे. आपणांस दिसतो तो जिंकून सुखरूप उतरणारा वीर. जो उतरत नाहीं, पडतो, त्याच्याविषयीं नाटक कांहीं बोलत नाहीं. आणि नाटकानें तें बोलावें अशी कोणाची अपेक्षाही नाहीं.

इतिहासाकडून मात्र आपली तशी अपेक्षा असते. १९१४ ते १९१८ च्या पहिल्या महायुद्धांत माणूस प्रथमच मोठ्या संख्येनें आकाशांत लढला, आणि त्या लढाईविषयीं तेव्हांपासून आजवर पुष्कळ ग्रंथ झाले. त्यांपैकीं कांहीं निवडक ग्रंथ आम्हीं एकापुढें एक ठेवून पाहिले, आणि प्रत्येकास एकच प्रश्न विचारला. प्रश्न अगदीं साधा आहे : विमान पेटलें तर आंतल्या माणसानें काय करावयाचें? ह्या प्रश्नाचें उत्तर कोणतें पुस्तक देतें, कोणतें टाळतें, आणि देणारें पुस्तक किती वर्षांनीं देतें, यावरून ह्या सर्व वाङ्मयाचें खरें स्वरूप ध्यानांत येतें, असें आम्हांस वाटतें.

आरंभ युद्धापूर्वींच्या पुस्तकांपासून करूं. राइट बंधूंचें यंत्र १७ डिसेंबर १९०३ रोजीं अमेरिकेंत किटी हॉक येथें उडालें. त्या दिवसाचें सर्वांत लांब उड्डाण ५९ सेकंदांचें होतें. पुरतीं पांच वर्षें लोटलीं नाहींत तोंच एच्. जी. वेल्स ह्या इंग्रज कादंबरीकाराचें ‘द वॉर इन दि एअर’ हें पुस्तक १९०८ सालीं प्रसिद्ध झालें. त्याचा नायक सायकलींच्या धंद्यांत पडलेला एक सामान्य तरुण आहे. तो योगायोगानें जर्मनांच्या हवाई आरमारांत सांपडतो आणि न्यूयॉर्क शहर वरून जाळलें जातांना पाहतो. आकाशांतून शहर उद्ध्वस्त करतां येतें, परंतु तें ताब्यांत ठेवतां येत नाहीं. म्हणून असें युद्ध कोणालाच जिंकतां येणार नाहीं, सर्वांचाच नाश होईल, हा वेल्सचा सिद्धांत. लढाऊ विमान जन्मास येण्यापूर्वीं केलेलें हें भाकीत पुढच्या चाळीस वर्षांत पुष्कळ अंशीं खरें झालें. तथापि वेल्सची दृष्टि होती ती खालच्या नगरांवर. वर बसलेल्या माणसाचें काय होईल याचा विचार त्याच्या कथेंत गौण आहे.

१९०९ च्या सप्टेंबरांत इटलींतील ब्रेशिया येथें विमानांचा मोठा मेळा भरला. त्याच वर्षीं जुलै महिन्यांत इंग्लिश खाडी ओलांडणारा ब्लेरिओ तेथें आला होता. प्रेक्षकांत प्राग शहराचा फ्रान्झ काफ्का हा तेव्हां अप्रसिद्ध असलेला तरुण होता. त्यानें त्या मेळ्यावर वृत्तपत्रांत एक लेख लिहिला. इटलीचा नामांकित कवि गाब्रिएले दान्नुन्झिओ हाही तेथें होता आणि विमानांत बसून थोडा उडूनही आला. दुसऱ्याच वर्षीं त्याची वैमानिकाच्या जीवनावरील कादंबरी निघाली. पुढें ९ ऑगस्ट १९१८ रोजीं, पंचावन्न वर्षांच्या वयांत, तो इटालियन विमानांच्या एका तुकडीबरोबर व्हिएन्नावर गेला आणि बाँबच्या ऐवजीं पत्रकें टाकून परतला. वाङ्मय आणि विमान यांची अशी सोयरीक दुसऱ्या कोणत्याही देशांत जमली नसेल. परंतु त्याच इटलीच्या गावोत्ती नांवाच्या लष्करी वैमानिकानें १ नोव्हेंबर १९११ रोजीं लिबियांत तुर्की छावण्यांवर हातानें लहान बाँब टाकले होते, आणि विमानांतून बाँब टाकण्याचा तो जगांतील पहिला प्रकार मानला जातो. कवीचीं पत्रकें जगाच्या ध्यानांत राहिलीं. ह्या बाँबचें स्मरण बहुतेकांस उरलें नाहीं.

महायुद्ध सुरू झालें तेव्हां विमानाचें काम लढण्याचें नव्हतेंच. शत्रूची हालचाल पाहणें, खंदकांचीं छायाचित्रें घेणें, आपल्या तोफांचे गोळे कोठें पडतात तें खालीं कळविणें, हें त्याचें खरें काम; आणि युद्ध संपेपर्यंत तेंच महत्त्वाचें राहिलें. शत्रूचे हे आकाशांतील डोळे फोडावे, आणि आपले राखावे, ह्यासाठीं पुढें लढाऊ विमानें आलीं. १९१५ सालीं जर्मनीच्या फोकर विमानांत फिरत्या पंख्याच्या पात्यांमधून गोळी झाडण्याची युक्ति साधली, तेव्हांपासून एकट्यादुकट्या वैमानिकाची शिकार हा प्रकार वाढला. खालीं खंदकांत लक्षावधि माणसें नांवाशिवाय चिखलांत मरत होतीं. वृत्तपत्रांना हवा होता चेहरा, नांव आणि विजयांची संख्या. तीं त्यांना आकाशांत मिळालीं. ‘आकाशांतील सरदार’ ही कल्पना अशी जमिनीवरच जन्मास आली.

ह्या कल्पनेचा सर्वांत प्रसिद्ध ग्रंथ म्हणजे मानफ्रेड फॉन रिख्टहोफेन ह्या जर्मन वैमानिकाचें, १९१७ सालीं बर्लिनमध्यें निघालेलें आत्मकथन. तांबडें विमान चालविणाऱ्या ह्या उमराव तरुणाच्या नांवावर अखेरीस ८० विजय जमा झाले. प्रत्येक विजयाबद्दल तो एक लहान चांदीचा पेला करवून घेई. साठ पेले झाल्यावर जर्मनींत चांदी मिळेना, तेव्हां तो छंद थांबला. पुस्तकाचा स्वर शिकाऱ्याचा आहे. विमान पेटतें, परंतु तें नेहमीं दुसऱ्याचें. जुलै १९१७ मध्यें डोक्याला गोळी लागल्यावर मात्र ह्या तरुणाच्या मनांत पालट झाला. नंतर लिहिलेल्या एका लहानशा टिपणांत तो सांगतो कीं, त्या पुस्तकांतला उद्दाम माणूस आतां आपल्यांत उरलेला नाहीं, आणि प्रत्येक लढाईनंतर आपलें मन खिन्न होतें. हें टिपण लोकांपुढें आलें तें तो मेल्यावर. २१ एप्रिल १९१८ रोजीं तो पडला तेव्हां त्याचें वय अवघें पंचवीस होतें. पुस्तकाची कीर्ति जगभर झाली, टिपणाची झाली नाहीं. कोणत्या प्रकारचें सत्य लोकांस युद्धकाळीं रुचतें तें यावरून दिसतें.

इंग्रजांच्या बाजूस जेम्स मकडन ह्याचें आत्मवृत्त १९१८ मध्येंच निघालें. हा उमराव नव्हता. साधा यंत्रकारागीर म्हणून तो विमानदळांत आला आणि ५७ विजयांपर्यंत चढला. त्याच्या पुस्तकांत अलंकार नाहींत. बंदूक कां अडते, इंजिन उंचीवर कां थकतें, कोठून गेलें असतां शत्रूस आपण दिसत नाहीं, अशी कारागिराची बारीक नजर आहे. म्हणून इतिहासाच्या दृष्टीनें तें रिख्टहोफेनच्या पुस्तकापेक्षां आम्हांस अधिक विश्वसनीय वाटतें. पुस्तक छापून हातीं येण्यापूर्वींच, ९ जुलै १९१८ रोजीं, जमिनीवरून उडतांच इंजिन बंद पडून तो मेला. यंत्राशीं आयुष्यभर इमान राखलेल्या माणसास यंत्रानेंच दगा दिला.

युद्धानंतर कित्येक वर्षें वाचकांना हीच शिकारीची गोष्ट पुरली. आपल्याकडील इंग्रजी शाळांतून आणि वाचनालयांतून ज्यांचें बालपण गेलें, त्यांना बिगल्स हें नांव सांगावयास नको. डब्ल्यू. ई. जॉन्स ह्यांचा हा नायक ‘द कॅमल्स आर कमिंग’ ह्या १९३२ च्या पुस्तकांतून अवतरला. जॉन्स स्वतः बाँबफेकी विमानाचे वैमानिक होते. सप्टेंबर १९१८ मध्यें त्यांचें विमान पाडलें गेलें, सोबतचा माणूस मेला आणि ते कैदी झाले. त्यांच्या आरंभींच्या गोष्टींत थकवा आहे, दारू आहे, हात कांपणें आहे. पुढें मुलांसाठीं आवृत्त्या निघाल्या तेव्हां एका गोष्टींतील व्हिस्कीच्या जागीं लिंबाचें सरबत आलें! आम्हांस ह्या फेरफाराचें हसूं येतें, परंतु त्याचा अर्थ हसण्यासारखा नाहीं. मुलांच्या हातीं वीर जावा, वीराची भीति जाऊं नये, अशी ती व्यवस्था होती.

भीति प्रथम मोकळेपणानें बोलली ती १९३४ आणि १९३६ सालच्या दोन पुस्तकांतून. पहिलें व्हिक्टर येट्स ह्याची ‘विंग्ड् व्हिक्टरी’ ही कादंबरी. येट्स ४६ व्या पथकांत कॅमल विमानावर होता, आणि १९१८ च्या वसंतांतील जर्मन चढाईच्या दिवसांत खालून उडत खंदकांवर गोळीबार करण्याचें जीवघेणें काम त्याच्या वाट्यास आलें होतें. कादंबरीचा नायक टॉम कंडल हा त्याचाच प्रतिनिधि. मित्र एकामागून एक जातात, जेवणाच्या मेजावर नवे चेहरे येतात, आणि नायक जिवंत राहून आंतून रिकामा होतो. जळत पडण्याची भीति ह्या पुस्तकाच्या पानापानांवर आहे, आणि ती लपविण्यासाठीं केलेले विनोद व रिचविलेले पेलेही आहेत. क्षयानें आजारी असलेल्या लेखकानें हें पुस्तक कर्जाच्या ओझ्याखालीं लिहिलें. तें फारसें खपलें नाहीं, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरांत तो वारला. दुसरें पुस्तक सेसिल लुईस ह्यांचें ‘सॅजिटेरियस रायझिंग’. लुईस सतराव्या वर्षीं विमानदळांत शिरले. १ जुलै १९१६ च्या सकाळीं सोम नदीवरील लढाईस तोंड लागलें, तेव्हां ते वरून पहारा करीत होते, आणि ला ब्वासेल गांवापाशीं जमिनीखालचा प्रचंड सुरुंग उडून मातीचा स्तंभ आकाशांत चढतांना त्यांनीं पाहिला. मेघांचें सौंदर्य, एकांताचा आनंद आणि मनाची झीज ह्या तिन्ही गोष्टी एकाच लेखणीनें लिहिणारा असा वैमानिक विरळा. कालिदासानें कल्पनेनें पाहिलेली पृथ्वी लुईसनीं डोळ्यांनीं पाहिली. परंतु तिच्यावर त्यांना खंदकांचे व्रण दिसले.

आतां आमच्या मूळ प्रश्नाकडे येऊं. विमान पेटलें तर काय करावयाचें? आज कोणीही सांगेल, हवाई छत्री, म्हणजे पॅराशूट, घेऊन उडी मारावी. छत्री त्या काळीं नव्हती असें मात्र नाहीं. दोरानें बांधलेल्या फुग्यांत बसून टेहळणी करणाऱ्या शिपायांना ती महायुद्धांत दिली जात असे आणि तिनें पुष्कळांचे प्राण वांचविले. विमानांतील इंग्रज वैमानिकास मात्र ती कधींच मिळाली नाहीं. ह्या गोष्टीवरून नांव घेतलेलें पुस्तक १९६८ सालीं, म्हणजे युद्ध संपल्यावर पन्नास वर्षांनीं निघालें. त्याचें नांव ‘नो पॅराशूट’; लेखक आर्थर गूल्ड ली. हेही येट्सच्याच ४६ व्या पथकांतले, त्याच्या थोडे आधींचे. १९१७ सालीं घरीं लिहिलेलीं पत्रें त्यांनीं छापलीं आणि शेवटीं छत्री कां मिळाली नाहीं याची चौकशी जोडली.

ह्या चौकशींत एक नांव येतें, आणि तेथें मराठी वाचक थबकल्यावांचून राहणार नाहीं. तें नांव एव्हरार्ड कॅलथ्रॉप ह्यांचें. हे रेल्वेचे अभियंते. १८८२ पासून ते ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेच्या नोकरींत होते. सोलापूर जिल्ह्यांत कुर्डुवाडीहून बार्शीला जाणारी अडीच फुटी रुळांची ‘बार्शी लाइट रेल्वे’ १८९७ सालीं सुरू झाली, ती ह्यांच्याच खटपटीनें. पुढें हा फांटा पंढरपुरासही पोंचला, आणि वारकऱ्यांच्या कित्येक पिढ्या त्या छोट्या गाडीनें विठ्ठलाच्या भेटीस गेल्या. आतां तेथें रुंद रूळ पडले आहेत. हलक्या रुळांवर वजन सारखें वांटून जड ओझें सुरक्षित कसें न्यावें, हा त्यांच्या अभ्यासाचा विषय. १९१० च्या जुलैंत त्यांचे स्नेही चार्ल्स रोल्स — मोटारींमुळें प्रसिद्ध झालेले तेच — इंग्लंडांत विमान कोसळून मेले. तेव्हांपासून कॅलथ्रॉप ह्यांनीं पडणाऱ्या माणसास वांचविण्याच्या ध्यासानें छत्री सिद्ध केली, आणि तिला ‘गार्डियन एंजल’, म्हणजे रक्षक देवदूत, असें नांव दिलें. लष्करानें तिचे प्रयोग केले. माणसें विमानांतून उड्या मारून सुखरूप उतरलीं.

तरीही वैमानिकांस ती देण्यांत आली नाहीं. वजन वाढेल, चिंचोळ्या बैठकींत जागा नाहीं, यंत्राचा वेग व चढ कमी होईल, हीं कारणें पुढें करण्यांत आलीं, आणि तीं सर्वस्वीं खोटीं नव्हतीं. परंतु छत्री हाताशीं असेल तर वैमानिक विमान लवकर सोडील, अशीही समजूत वरिष्ठांत वावरत होती, असें पुढें वारंवार लिहिलें गेलें. शत्रूच्या मुलखांत हेर उतरविण्यासाठीं मात्र हीच छत्री कामास आली. तेथें वजनाची अडचण आड आली नाहीं! तिकडे १९१८ मध्यें जर्मनांनीं आपल्या वैमानिकांस छत्र्या देण्यास आरंभ केला. त्याही बिनचूक नव्हत्या. एर्न्स्ट उडेट ह्या प्रसिद्ध जर्मन वैमानिकानें २९ जून १९१८ रोजीं उडी मारली, तेव्हां छत्रीचे बंद विमानाच्या शेपटींत अडकले. मोठ्या धडपडीनें त्यानें ते सोडविले आणि तो वांचला. ह्याविरुद्ध इंग्रजांचा मिक मॅनॉक. त्याला आगीची इतकी धास्ती होती कीं, विमान पेटलें तर स्वतःवर झाडण्यासाठीं तो पिस्तुल बरोबर ठेवीत असे. २६ जुलै १९१८ रोजीं जमिनीवरील गोळीबारानें त्याचें विमान पेटून पडलें. आमच्या मतें ह्या प्रकरणांत कोणा एकाचा दुष्टपणा शोधण्यांत अर्थ नाहीं. जे उडत होते त्यांना मागण्याचा अधिकार नव्हता, आणि ज्यांना देण्याचा अधिकार होता त्यांना पेटत पडावयाचें नव्हतें. युद्धकाळच्या एकाही प्रसिद्ध वीरकथेनें ही मागणी लोकांपुढें मांडली असती, तर कदाचित् निराळें घडलें असतें. सरदारांच्या गोष्टींची खरी किंमत तरुणांनीं दिली ती अशी.

ह्या तरुणांत आपले लोकही होते. मॅनॉक पडण्याच्या चारच दिवस आधीं, २२ जुलै १९१८ रोजीं, कलकत्त्याचा इंद्रलाल रॉय कार्व्हँ गांवावरील झुंजींत पेटलेल्या विमानासह कोसळला. त्याला विसावें वर्षही पुरें झालें नव्हतें. त्याच महिन्यांत अवघ्या दोन आठवड्यांत त्यानें दहा विजय मिळविले होते. फ्रान्समध्यें त्याच्या समाधीवर बंगाली अक्षरें आहेत. त्याच्या तीन आठवडे आधीं, ३० जून १९१८ रोजीं, मुंबईचा श्रीकृष्ण वेलिणकर जखमी होऊन जर्मनांच्या हातीं पडला असतां वारला. तो २३ व्या पथकांत डॉल्फिन विमानावर होता. ह्या दोघांनीं मागें पुस्तक ठेवलें नाहीं. तेवढें त्यांना आयुष्यच लाभलें नाहीं. पुस्तक आहे तें हरदित सिंग मलिक ह्यांचें. ऑक्सफर्डमध्यें शिकणाऱ्या ह्या शीख तरुणास इंग्रजी विमानदळ प्रथम घेईना. फ्रेंचांनीं तयारी दाखविल्यावर त्यांच्या शिक्षकानें शब्द टाकला, तेव्हां १९१७ मध्यें त्यांना प्रवेश मिळाला. त्याच वर्षाच्या ऑक्टोबरांत लढतांना त्यांच्या पायांत गोळ्या घुसल्या. पुढें ते स्वतंत्र भारताचे फ्रान्समधील राजदूत झाले आणि १९८५ सालीं वारले. त्यांचें आत्मवृत्त छापलें गेलें तें २०१० सालीं. रिख्टहोफेनचें पुस्तक युद्ध चालू असतांच घरोघर गेलें. मलिकांचें वाचकांच्या हातीं पडावयास ब्याण्णव वर्षें लागलीं.

वाचकहो, ह्या ग्रंथांतून आम्हीं जें शिकलों तें थोडक्यांत असें कीं, लढाईविषयींचें पुस्तक जितकें लढाईच्या जवळ, तितकें तें सत्याच्या जवळ असतेंच असें नाहीं. पहिल्या वर्षाचीं पुस्तकें विजय मोजतात. पंधराव्या वर्षाचीं मित्र मोजतात. आणि पन्नासाव्या वर्षाचें पुस्तक विचारतें कीं, त्यांना छत्री कां दिली नाहीं? आपल्या मुलांना बिगल्स वाचूं द्यावा. त्यांत कांहीं वावगें नाहीं. परंतु मूल मोठें झालें कीं त्याच्या हातीं लुईस द्यावा, आणि लुईस वाचून झाला कीं ली द्यावा.

आणखी एक विनंती. लीचें पुस्तक निघूं शकलें, कारण घरच्या माणसांनीं पन्नास वर्षें पत्रें जपून ठेवलीं. महाराष्ट्रांतील कित्येक कुटुंबांतून मुलगे विमानदळांत आणि सैन्यांत गेले आहेत. माळ्यावरच्या पेटींत त्यांचीं पत्रें, एखादी रोजनिशी, उड्डाणांची वही असेल, तर ती रद्दींत जाऊं देऊं नये. पदकें भिंतीवर राहतातच. भीति, थंडी, तक्रार आणि घरची आठवण ह्यांचा पुरावा मात्र त्या कागदांतच असतो. दुष्यंत सुखरूप उतरला म्हणून त्याचें नाटक झालें. जे उतरले नाहींत त्यांचा इतिहास लिहावयाचा झाला, तर पुढच्या लेखकास त्या पेटीवांचून दुसरा आधार मिळणार नाहीं.